वहिनीचा डावा पाय

आमच्या घरात सत्तावीस वर्षं एकच भांडण चालू होतं. लोकांच्या घरी पाण्यावरून होतात, टीव्हीवरून होतात, पंखा किती जोरात ठेवायचा यावरून होतात. आमच्याकडे व्हायचं ते माझ्या वहिनीच्या डाव्या पायावरून. एका शर्यतीत, एका वळणावर, एका क्षणी तो पाय जमिनीवर होता की हवेत, एवढाच मुद्दा. वहिनी म्हणायची जमिनीवर. माझा दादा काहीच म्हणायचा नाही. तो वर्तमानपत्राचं पान उलटायचा, आणि त्यानं पान उलटलं की वहिनीचा पारा चढायचा.

"म्हणजे तुमचं म्हणणं, हवेत होता?"

वहिनी एरवी दादाला तू म्हणते. तुम्ही म्हणाली की ओळखायचं, आता आपण गच्चीवर गेलेलं बरं.

मी दादाची धाकटी बहीण. स्टेडियमच्या समोर माझं कपडे उसवून, आखूड करून, पुन्हा शिवून देण्याचं दुकान आहे. मला राग पटकन येतो आणि आला की मी टोचून बोलते, म्हणून वहिनीनं माझं नाव सुई ठेवलंय. ठेवू दे. तिला सगळं मैदान पाठीमागे लगबग म्हणतं, तेव्हा फिट्टंफाट झाली. आज ती जिल्ह्याच्या मैदानी खेळांच्या संघटनेची सचिव आहे, मोठमोठी माणसं तिला मॅडम म्हणतात, पण गोष्ट सुरू झाली ती उशिरा उठण्यापासून.

कॉलेजात वहिनी रोज उशिरा पोचायची. वाचनालयाबाहेर एक लांबलचक व्हरांडा होता आणि तिथे पळायला बंदी होती. मग ही बया पळायची नाही, चालायची. पण असं चालायची की ग्रंथपालबाईंच्या टेबलावरचे कागद उडायचे. एक दिवस बाईंनी अडवलंच. "ए मुली, इथे पळायचं नाही, कितीदा सांगायचं?"

"बाई, मी कुठे पळतेय? बघा की, पाय जमिनीवर आहेत!"

नेमक्या त्याच वेळी क्रीडाशिक्षिका खांद्यावर फुटबॉलची जाळी टाकून तिथून चालल्या होत्या. त्या थांबल्या आणि म्हणाल्या, "परत चालून दाखव." वहिनीनं दाखवलं. ग्रंथपालबाईंचे कागद पुन्हा उडाले. "उद्या पहाटे मैदानावर ये," क्रीडाशिक्षिका म्हणाल्या. पहाटे! ज्या पोरीला दहाच्या तासाला पोचता येत नव्हतं तिला पहाटे बोलावलं. पण गेली. आणि मग रोज जात राहिली.

आता चालण्याची शर्यत म्हणजे काय ते सांगते, नाहीतर पुढचं सगळं पाण्यात. नियम दोनच. एक तरी पाय सतत जमिनीला टेकलेला दिसला पाहिजे, आणि पुढे टाकलेल्या पायाचा गुडघा वाकलेला चालत नाही. म्हणून ती माणसं कंबर अशी हलवत जातात की बघणाऱ्याला हसू फुटतं. मलाही फुटलं होतं. वहिनीचे वडील लिफ्ट दुरुस्त करायचे. त्यांनी पोरीला पहिल्यांदा शर्यतीत बघितलं तेव्हा भर मैदानात ओरडून विचारलं, "अगं, बस चुकली का तुझी?" नंतर ते येईल त्या पाहुण्याला सांगायचे, "मी जन्मभर लोकांना न चालता वर पाठवलं, आणि पोरगी बघा!" आणि सांगून व्हायच्या आत स्वतःच हसायचे.

वाटेत ठिकठिकाणी पंच उभे असतात. चूक होतेय असं वाटलं की ते आधी पिवळी पाटी दाखवून सावध करतात, आणि पाय उचललेला स्पष्ट दिसला की त्या खेळाडूच्या नावे लाल कार्ड देतात. एका खेळाडूला एक पंच एकच लाल कार्ड देऊ शकतो. तीन वेगवेगळ्या पंचांची तीन कार्डं जमली की खेळाडू बाद. हे ध्यानात ठेवा, पुढे लागणार आहे.

कॉलेजच्या शेवटच्या वर्षी आंतरमहाविद्यालयीन स्पर्धेत वहिनी सगळ्यांच्या पुढे होती. मागची मुलगी इतकी मागे होती की वहिनीनं शेवटचं वळण रमतगमत घेतलं असतं तरी चाललं असतं. पण रमतगमत हा शब्दच तिच्या कोशात नाही. दोन लाल कार्डं आधीच पडली होती. शेवटच्या वळणावर एक टोपीवाला पंच उभा होता. त्यानं तिसरं दिलं. वहिनीला ते कळलंच नाही. ती दोन्ही हात वर करून रेषा ओलांडून गेली, तिचे वडील शिट्टी फुंकत सुटले, आणि समोर मुख्य पंच लाल पाटी घेऊन उभे. बाद! पदक गेलं, वरच्या स्पर्धेची निवड गेली, आणि महिन्याभरात कॉलेजही संपलं. तिनं एक बूट काढून पॅव्हिलियनच्या भिंतीवर भिरकावला. त्याचा डाग पुढे कितीतरी वर्षं तिथे होता.

तो टोपीवाला म्हणजे माझा दादा.

दादा तेव्हा शारीरिक शिक्षणाचा अभ्यासक्रम करत होता आणि त्याला पंच म्हणून धरून नेलं होतं. त्याची पंचगिरीची एक तऱ्हा आहे. टोपीचा पुढचा भाग तो इतका खाली ओढतो की त्याला समोरच्याचं गुडघ्याच्या वरचं काही दिसतच नाही. "चेहरा बघितला की डोळा बिघडतो," म्हणतो. कोण आहे, कुणाची आहे, रडकुंडीला आलीय का, हे दिसलं की हात अडखळतो, म्हणून बघायचंच नाही. परिणाम असा की दादा माणसं पायांवरून ओळखतो. आमच्या सख्ख्या मामाला त्यानं एकदा दुकानात अनोळखी माणसासारखं बघितलं, आणि मामा रागानं चालू लागल्यावर मागून हाक मारली, "अरे मामा, तू होय!"

शर्यतीनंतर तीनचार दिवसांनी आमच्या दाराची घंटा वाजली. मी तेव्हा शाळकरी होते. मी दार उघडलं तर एक लालबुंद मुलगी. "ते टोपीवाले पंच इथेच राहतात का?"

दादा बाहेर आला. ती बोलायला लागली ती थांबेचना. पाय कसा जमिनीवर होता, ऊन कुठून येत होतं, सावलीनं फसगत कशी होते, कुणी डोळे तपासून घ्यायला हवेत. दादानं सगळं शांतपणे ऐकून घेतलं आणि विचारलं, "आपण कोण?"

मला वाटलं आता ही याला मारणार. पण ती पाय आपटत जिना उतरायला लागली, आणि दादा एकदम ओरडला, "अरे, तुम्ही होय! डावा पाय!"

पुढच्या आठवड्यात ती पुन्हा आली. तिच्याकडे नवा मुद्दा होता. त्याच्या पुढच्या आठवड्यात आणखी नवा. आई चहा टाकायला लागली, मी दोघांच्या मधे बिस्किटांची बशी घेऊन बसायला लागले. वहिनी टेबलावर दोन बोटं चालवून दाखवायची, हा डावा, हा उजवा, आणि दादा त्या बोटांकडेसुद्धा पंचासारखा बघायचा. एकदा तर ती मुद्दाच विसरून आली. दारात उभी राहून आठवत होती, आणि आठवेना म्हणून चिडत होती. मी म्हटलं, आत बसून आठव, चहा गार होतोय.

शेवटी दादा म्हणाला, "तुम्हाला इतकं वाटतं ना, मग स्वतः पंच होऊन बघा, म्हणजे कळेल." झालं! हिनं पंचांची परीक्षा दिली, दादापेक्षा जास्त गुण मिळवले आणि ते अजून ऐकवते. दोघं मैदानावर वेगवेगळ्या वळणांवर उभी राहायला लागली. आणि एक दिवस माझा हा मुखदुर्बळ भाऊ, ज्याच्या तोंडून दिवसात चार वाक्यं निघत नाहीत, तिला म्हणाला, "तू भांडायला दर आठवड्याला इतक्या लांबून येतेस. त्यापेक्षा एकाच घरात राहू." मी बशी खाली ठेवली. आई स्वयंपाकघरातून ओरडली, "हो म्हण गं, बिस्किटं परवडेनाशी झालीत!"

असं लग्न झालं. भांडण मात्र तसंच राहिलं.

वहिनीनं संघटनेच्या कार्यालयात कारकुनी धरली. तिचं टेबल स्टेडियमच्या जिन्याखाली होतं. तिथलं छत तिरकं, उठताना डोकं आपटायचंच. पहिल्या आठवड्यातली टेंगळं मोजून झाल्यावर तिनं उंच उडीच्या जुन्या गादीतला स्पंज कापून तिथे चिकटवला. एका कोपऱ्यात भाल्यांचा भारा, टेबलाच्या खणात शिट्ट्या आणि छातीवरचे आकडे लावायच्या पिना, आणि खुर्चीच्या पाठीला तिची पिशवी. त्या पिशवीत कायम एक स्क्रूड्रायव्हर असतो. मुलींच्या कपडे बदलायच्या खोलीची कडी नीट लागत नाही अशी तक्रार आली, तेव्हा वरच्यांनी सांगितलं, दुरुस्तीचा अर्ज करा. वहिनीनं अर्जही केला आणि कडीही त्याच दिवशी स्वतः बसवली. अर्ज मंजूर होऊन माणूस आला तेव्हा कडीला दोन वर्षं झाली होती.

आणि ही फोन करत नाही. चालत जाते. वीज कार्यालयातले साहेब फोनवर "बघतो, बघतो" म्हणून रिसीव्हर ठेवतात आणि मान वर करतात तर ही समोर उभी. मैदानाचे दिवे, पिण्याचं पाणी, शौचालयांच्या किल्ल्या, सगळं तिनं असं चालून चालून मिळवलं. लोकांच्या नाकी नऊ आणले, पण रागावणार कुणावर? ती हसत आलेली असायची, आणि काम झाल्याशिवाय खुर्चीत बसायची नाही. कारकून, मग सहायक, मग सहसचिव, आणि चार वर्षांपूर्वी एकमतानं सचिव. त्या दिवशी तिचे वडील म्हणाले, "लिफ्टशिवाय वर गेली, बघा!" आणि सगळ्यांच्या आधी हसले.

सचिव झाल्यावर तिनं पहिला नियम काय केला असेल? स्पर्धांमध्ये एक लबाडी चालायची. एखाद्या प्रकारात दोघंच उतरायची, एकाला सोनं, दुसऱ्याला चांदी, आणि दोघंही गावभर मिरवायची. वहिनीला याची भयंकर चीड. तिनं नियम केला की ज्या प्रकारात सहा जणसुद्धा शेवटपर्यंत पोचत नाहीत, त्याला एक वर्षाची मुदत, आणि पुढच्या वर्षीही सहा झाले नाहीत तर तो प्रकार कार्यक्रमातून बंद. सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या. मुलींची तिहेरी उडी या नियमात गेली. तिचे प्रशिक्षक कार्यालयात येऊन हात जोडून उभे राहिले, वहिनीच्याही डोळ्यांत पाणी आलं, पण नियम हलला नाही.

मग आली मुलींची चालण्याची शर्यत. गेल्या वर्षी चौघीच पोचल्या.

आपलेच दात आणि आपलेच ओठ! दुसऱ्या कुणाचा नियम असता तर वहिनीनं त्याला सळो की पळो करून सोडलं असतं. पण इथे भांडणार कुणाशी, आरशाशी? खजिनदारसाहेब म्हणजे जुने गोळाफेकवाले, अवाढव्य माणूस, त्यांचा जीव वेळापत्रकात. ते म्हणाले, "मॅडम, तसंही या शर्यतीत सगळं वेळापत्रक अडकून पडतं. जाऊ द्या." वहिनी घरी आली, जेवली नाही, आणि मला म्हणाली, "सुई, ही शर्यत माझ्या हातानं बंद झाली तर मी ती खुर्ची सोडेन. मला कुणी पळायला शिकवलं नव्हतं गं. एवढं एकच मला येत होतं." तिला इतकं खचलेलं मी त्याआधी कधी बघितलं नव्हतं. मला रडू आलं आणि रडू आलं म्हणून रागही आला.

पण दुसऱ्या दिवशी ती चालायला निघाली. वर्षभर तिनं शहरातल्या बायकांचे पाय बघितले. टपाल वाटणारी एक बाई तिला रस्त्यात आवडली, तिच्या मागे मागे चार गल्ल्या जाऊन तिला गाठलं. ती बिचारी घाबरली, तिला वाटलं पत्र चुकीच्या घरी पडलं. रुग्णालयातली एक नर्स मिळाली. "आम्हाला तिथे पळायला बंदी आहे," ती म्हणाली, "त्यामुळे मला हे येतंच." वहिनीनं तिला मिठीच मारली. गेल्या वर्षीच्या चौघींतल्या कॉलेजच्या दोनच मुली उरल्या होत्या, त्या, शाळेत गणित शिकवणारी एक, आणि वहिनीच्या कॉलेजच्या माजी विद्यार्थी क्लबातली एक बँकेत काम करणारी. सहा! सगळ्यांच्या चड्ड्या मी शिवल्या. रोज पहाटे त्या सहाजणी कंबर हलवत मैदानाला फेऱ्या घालायच्या, आणि दूधवाले सायकली थांबवून बघत बसायचे.

स्पर्धेचा दिवस उजाडला. शर्यतीला दीड तास असताना बँकवाली पॅव्हिलियनच्या पायऱ्या उतरताना घसरली आणि तिचा घोटा टम्म सुजला. नर्सनं हात लावून बघितला आणि नुसती मान हलवली. बँकवाली रडायला लागली, पायापेक्षा जास्त वहिनीसाठी.

खजिनदारसाहेब आले. माणूस वाईट नाही हो, तेही हळवे झाले होते. "मॅडम," ते हळूच म्हणाले, "पाचच राहिल्या. तो सहाचा आकडा पाच करून टाका ना. सचिवाला तेवढा अधिकार आहे. कोण बोलणार आहे?"

वहिनीनं क्षणभर डोळे मिटले. मी मनात म्हटलं, कर गं बाई, कर.

"तिहेरी उडीवाल्यांना मी करून दिला होता का?" ती म्हणाली.

वहिनीनं घड्याळ बघितलं. "बदली खेळाडू तासभर आधीपर्यंत चालतो ना?"

"चालतो. पण त्याच क्लबचा हवा."

"मी त्याच क्लबची आहे."

मला वाटलं खजिनदारसाहेब खालीच बसतात. पन्नाशीला टेकलेली बाई, सकाळपासून ऑफिसच्या कपड्यांत हिंडतेय, आणि साडेबारा फेऱ्या चालणार? पण तिनं पिशवी बँकवालीच्या मांडीवर ठेवली, पाय माझ्यापुढे केला आणि म्हणाली, "सुई, पँट काप. गुडघे दिसले पाहिजेत." मी तिथल्या तिथे, उभ्या उभ्या, तिची नवीकोरी इस्त्रीची पँट मांडीपासून खाली कापून टाकली. स्वतः मापं घेऊन शिवलेली पँट होती ती. कात्री चालवताना मी हसत होते की रडत होते ते मलाच कळत नव्हतं.

आणि मग माझ्या ध्यानात आलं. पंच तीनच होते, आणि तिसरा दादा.

दादाच्याही ध्यानात आलं होतं. तो खजिनदारांकडे गेला. "मी बाजूला होतो. बायको आहे माझी."

"ऐन वेळी दुसरा पंच कुठून आणू? आणि तुम्ही तिला सोडाल असं या मैदानावर एका तरी माणसाला वाटतं का?" खजिनदारांनी आजूबाजूला बघितलं. सगळ्यांनी माना हलवल्या. कुणालाच वाटत नव्हतं. बूट बांधता बांधता वहिनी म्हणाली, "तुम्ही टोपी घाला आणि आपल्या वळणावर जा."

तुम्ही. गच्ची जवळपास नव्हती, म्हणून मी कुंपणाला धरून उभी राहिले.

शर्यत सुटली आणि वहिनीला चेव चढला. सगळ्यांच्या मागे राहून सावकाश चालली असती तर कुणाचं काय जात होतं? पण नाही. गणितवालीच्या बरोबरीनं जायला लागली. मैदानावरची सगळी मुलं "मॅडम! मॅडम!" ओरडायला लागली आणि ती आणखी फुशारली. निम्म्या फेऱ्या व्हायच्या आत फळ्यावर तिच्या आकड्यापुढे एक लाल ठिपका लागला, आणि दोन फेऱ्यांनी दुसरा. मी कपाळावर हात मारला. दोन पंचांची कार्डं देऊन झाली, म्हणजे ते आता काही करू शकत नव्हते. उरला कोण? माझा भाऊ, आणि तोही शेवटच्या वळणावर, सत्तावीस वर्षांपूर्वी उभा होता त्याच जागी.

टपालवाली पहिली आली. मग कॉलेजच्या दोघी, मग नर्स, मग गणितवाली. पाच झाल्या. मैदानावर एकटी वहिनी उरली, आणि एक फेरी. रिलेवाल्या मुली कडेला येऊन ओरडायला लागल्या, "पळा, मॅडम, पळा!" मी ओरडले, "पळू नकोस गं, मेल्यांचं ऐकू नकोस!" आणि मधलं मैदान कापत दादाकडे धावले. टोपी नाकापर्यंत ओढलेली, एक हात खिशात. लाल कार्डं तो त्याच खिशात ठेवतो.

"दादा," मी म्हटलं, "एकदा डोळे मिटलेस तर काय आभाळ कोसळणार आहे? ती खुर्ची सोडेल रे!"

"सुई, तुझी सावली पडतेय. बाजूला हो."

असा राग आला मला! पण झाले बाजूला.

वहिनी वळणावर आली. चेहरा लाल, केस कपाळाला चिकटलेले, एका पायाची कापलेली पँट दुसऱ्या पायापेक्षा आखूड. तिला टोपी दिसली. आणि जन्मभर जिला सगळे लगबग म्हणत आले, ती हळू झाली. एक पाय टेकला, नीट टेकला, मग दुसरा. बाळ नुकतं झोपलेल्या खोलीतून बाहेर पडावं तशी चालत होती. दादा थोडा पुढे वाकला. त्याचा खिशातला हात हलला. वहिनी त्याच्या समोरून गेली, डावा, उजवा, डावा, उजवा, वळण संपलं, आणि तिनं मागे वळून बघितलं.

दादानं हात खिशातून बाहेर काढला. रिकामा. आणि त्या हातानं त्यानं डोक्यावरची टोपी काढली. पंच म्हणून उभा असताना माझ्या भावानं खेळाडूचा चेहरा बघितला तो तेवढा एकदाच. वहिनीचं तोंड असं फुललं की मला तिच्या लग्नातही ते तसं दिसलं नव्हतं.

पुढचं काय सांगू! रेषेवर फीत कधीच तुटून पडली होती, ती खजिनदारसाहेबांनी गाठ मारून पुन्हा धरली. वहिनी पार झाली तसं त्या अवाढव्य माणसानं हातातल्या माइकवर "सहा! सहा!" असा आरडाओरडा केला की कर्ण्यातून नुसती खरखर आली. टपालवालीनं तिला उचललं. बँकवाली एका पायावर नाचली. वहिनीच्या म्हाताऱ्या वडिलांनी आपली जुनी शिट्टी फुंकली, आणि रिलेवाल्या मुली ती आपल्यासाठीच समजून भलत्याच वेळी सुटल्या.

संध्याकाळी अडथळ्यांच्या चौकटी टेम्पोत भरल्या जात होत्या. वहिनी गवतावर बूट काढून बसली होती, तळपायाला फोड आलेले. दादा पाण्याची बाटली घेऊन आला आणि शेजारी बसला. मी तिच्या उरल्यासुरल्या पँटची कड दुमडून पिना लावत होते.

"आज?" वहिनीनं विचारलं.

"आज जमिनीवर," दादा म्हणाला.

"आणि तेव्हा?"

मी पिना खाली ठेवल्या. आता पेटणार! सत्तावीस वर्षांत दादानं या प्रश्नाला एकदाही उत्तर दिलं नव्हतं. त्यानं इकडेतिकडे बघितलं. उलटायला वर्तमानपत्र नव्हतं.

"तेव्हा हवेत होता," तो म्हणाला.

"हो," वहिनी म्हणाली. "चांगला वीतभर होता. मला तेव्हाच कळलं होतं."

मी ओरडलेच. "अगं भवाने! मग सत्तावीस वर्षं आमचं डोकं का खाल्लंस? दर आठवड्याला आमच्या दारात येऊन ते ऊन काय, सावली काय, ती बोटं काय!"

"मग काय करणार होते?" वहिनी बाटलीतलं पाणी पीत शांतपणे म्हणाली. "पहिल्या दिवशी पदक गेल्याच्या रागात भांडायला आले होते. पण पाय हवेत होता हे कबूल केलं असतं, तर पुन्हा याच्या दारात यायला मला निमित्त काय उरलं असतं?"

दादानं टोपी उचलून डोक्यावर घातली आणि पार नाकापर्यंत खाली ओढली. पण कान बाहेरच राहिले, आणि ते कसे लाल झालेत हे सगळ्या मैदानाला दिसत होतं.